सात संघांचा एक खेळाडू : कै. चंदू सरवटे

आपल्या मंडळाच्या सभासदत्वाच्या अर्जात ‘मूळ गाव’ असा एक रकाना आहे. तो भरताना माझी लेखणी नेहमी अडखळते. केंद्र सरकारच्या नोकरीत बिऱ्हाड पाठीवर घेऊन हिंडण्यात तीस वर्षे गेली. सध्याचा मुक्काम झाशी–कानपूर मार्गावरील मोठ या गावी आहे. इकडच्या बाजारात मोठ म्हणजे आपली मटकी, हे प्रथम कळले तेव्हा घरात बराच वेळ हशा पिकला होता. परंतु रात्री आगगाडीचा आवाज कानी येतो, तेव्हा मनात प्रश्न उभा राहतो : ज्याने अनेक ठिकाणी चाकरी केली, त्याची नाळ अखेर कोठे जुळलेली असते?

या प्रश्नाचे उत्तर शोधताना मला बुंदेलखंडच्याच एका सुपुत्राचे स्मरण झाले. चंद्रशेखर त्र्यंबक सरवटे यांचा जन्म २२ जुलै १९२० रोजी सागर येथे झाला. छत्रसालांच्या साहाय्यास थोरले बाजीराव १७२९ मध्ये धावून आले, आणि पुढे बुंदेलखंडाचा मोठा हिस्सा पेशव्यांकडे आला. गोविंदपंत बुंदेल्यांच्या अमदानीपासून सागर आणि झाशीच्या परिसरात मराठी घरे स्थिरावली. सरवटे यांचा जन्म अशा मुलखातला.

वयाच्या सोळाव्या वर्षी, १९३६–३७ च्या हंगामात, ते मध्य प्रांत व वऱ्हाडच्या संघातून प्रथम श्रेणीच्या मैदानावर उतरले. त्यानंतर महाराष्ट्र, मुंबई, होळकर, मध्य भारत, मध्य प्रदेश आणि शेवटी विदर्भ, अशा सात संघांकडून ते खेळले. पंचरंगी सामन्यांत हिंदू संघाकडून खेळले ते निराळेच. अशा माणसाला वरवर पाहणारा ‘फिरस्ता’ म्हणेल. पण नकाशा उघडून पाहावा. होळकरांचे संस्थान १९४८ मध्ये मध्य भारतात विलीन झाले आणि १९५६ मध्ये मध्य भारत मध्य प्रदेशात मिसळला. म्हणजे सातांपैकी तीन संघ सरवटे यांनी इंदूरच्या भूमीवरच पाहिले. माणूस तेथेच होता. पाट्या तेवढ्या बदलल्या.

होळकरांचा संघ हा त्या काळातील एक विलक्षण मेळा होता. महाराज यशवंतराव होळकर यांच्या आश्रयाने कर्नल सी. के. नायडू यांच्या नेतृत्वाखाली मुश्ताक अली, भाऊसाहेब निंबाळकर, कमल भांडारकर, माधवसिंह जगदाळे, हिरालाल गायकवाड असे ठिकठिकाणचे गुणी खेळाडू एकत्र आले. या संघाने रणजी करंडक चार वेळा जिंकला. १९४५–४६ मध्ये म्हैसूरविरुद्ध होळकरांनी आठ गडी बाद ९१२ धावांवर डाव घोषित केला. त्या डावात सहा फलंदाजांनी शतके केली. सरवटे यांनी १०१ धावा तर केल्याच, शिवाय त्याच सामन्यात अवघ्या ६१ धावांत नऊ बळी घेतले.

त्याच वर्षी मे महिन्यात भारतीय संघ इंग्लंडमध्ये ओव्हलच्या मैदानावर सरेविरुद्ध खेळत होता. नऊ गडी २०५ धावांत बाद झाले होते. दहाव्या क्रमांकावरील सरवटे आणि अकराव्या क्रमांकावरील शुटे बॅनर्जी एकत्र आले. डाव आता संपलाच, असे सर्वांनी गृहीत धरले होते. परंतु या जोडीने शेवटच्या गड्यासाठी २४९ धावांची भर घातली आणि धावसंख्या ४५४ वर नेली. सरवटे १२४ धावांवर नाबाद राहिले. बॅनर्जींनी १२१ केल्या. दहाव्या आणि अकराव्या खेळाडूंनी एकाच डावात शतके झळकावल्याचे हे अपूर्व उदाहरण क्रिकेटच्या इतिहासात कायमचे नोंदले गेले.

मात्र इतिहास लिहिताना दुसरी बाजू झाकून चालत नाही. सरवटे नऊ कसोटी सामने खेळले. त्यांत त्यांनी २०८ धावा केल्या आणि त्यांना बळी मिळाले केवळ तीन. हे आकडे एखाद्या परीक्षकासमोर ठेवले तर तो निर्दयपणे शेरा मारील. परंतु १९४८ च्या जानेवारीत मेलबर्नच्या कसोटीत विनू मंकड यांनी शतक ठोकले, तेव्हा सलामीच्या १२४ धावांच्या भागीदारीत दुसरी बाजू कोण धरून होते? सरवटेच. त्यांच्या धावा होत्या ३६. जगाने मंकडांचे शतक लक्षात ठेवले आणि ते योग्यही होते. पण खांबावाचून तुळई उभी राहत नाही.

प्रथम श्रेणीच्या कारकीर्दीत त्यांनी सात हजारांहून अधिक धावा केल्या आणि ४९४ बळी मिळविले. ते कायद्याचे पदवीधर आणि अंगुलिमुद्रांचे तज्ज्ञ होते. पुढे राष्ट्रीय निवड समितीचे ते सभासद झाले. १९८३ मध्ये ज्या भारतीय संघाने विश्वचषक जिंकला, त्याच्या निवडीत त्यांचा वाटा होता. २३ डिसेंबर २००३ रोजी इंदूर येथे ते निवर्तले.

एक गोष्ट मला विशेष मनोज्ञ वाटते. मध्य प्रांत व वऱ्हाड या प्रांताची राजधानी नागपूर होती, आणि १९६८–६९ मध्ये सरवटे अखेरच्या हंगामात ज्या विदर्भ संघातून खेळले, त्याचेही केंद्र नागपूरच. बत्तीस वर्षांची परिक्रमा करून हा वारकरी जेथून निघाला, त्याच मातीच्या संघात येऊन थांबला. त्यांचे मूळ गाव कोणते म्हणावे? सागर, इंदूर की नागपूर? मला वाटते, ज्या ज्या संघाचा डाव त्यांनी सावरला, तो प्रत्येक संघ त्यांना ‘आमचा’ म्हणण्यास अधिकारी आहे.

आपणही परमुलखात हेच करीत आलो आहोत. इथल्या शाळांत शिकविले, कचेऱ्या सांभाळल्या, रेल्वे चालविली आणि संध्याकाळी मंडळात येऊन गणपतीची आरती म्हटली. आपली नावे कोणत्याही शतकाच्या यादीत लागणार नाहीत. परंतु दुसरी बाजू धरून उभे राहणारे लोक पन्नास वर्षे मिळत गेले, म्हणूनच हे मंडळ आज सुवर्ण महोत्सव साजरा करीत आहे. पुढील पन्नास वर्षांतही असे लोक त्याला मिळोत, हीच श्रीचरणी प्रार्थना!

तो रकाना मात्र मी यंदा भरला आहे. त्यात मूळ गावापुढे स्वल्पविराम देऊन ‘मोठ’ असे लिहिले आहे.