गळा आणि गज : पं. गजाननबुवा जोशी

पंडित गजानन अनंत जोशी तथा गजाननबुवा जोशी (३० जानेवारी १९११ – २८ जून १९८७) हे हिंदुस्थानी शास्त्रीय संगीतातील थोर गायक, व्हायोलिनवादक आणि गुरू होत. ग्वाल्हेर, आग्रा आणि जयपूर या तीन घराण्यांची तालीम त्यांनी घेतली होती. एकाच कलावंताने गळा आणि वाद्य या दोन्ही माध्यमांत सारख्याच अधिकाराने मैफल करावी, अशी उदाहरणे आपल्याकडे मोजकीच आहेत. बुवांचे नाव त्यांत अग्रक्रमाने घ्यावे लागते.

अमरावती, अकोल्याच्या आजच्या रसिकांना हे नाव बहुधा पं. उल्हास कशाळकर यांचे गुरू म्हणून परिचित आहे. कशाळकर हे यवतमाळ जिल्ह्यातील पांढरकवड्याचे, म्हणजे वऱ्हाडचेच. त्यांच्या गाण्यात तीन घराण्यांचे रंग स्वतंत्रपणे ओळखू येतात, याचे नेहमी कौतुक होते. हे तिन्ही रंग ज्या एका घरातून त्यांच्यापर्यंत आले, ते घर गजाननबुवांचे होते. एका गायकाने आयुष्यभर जमवलेली विद्या पुढच्या पिढीकडे न पोहोचता त्याच्याबरोबरच संपून जाण्याचे प्रसंग आपल्या संगीताच्या इतिहासात कमी नाहीत. बुवांच्या बाबतीत तसे घडले नाही. ते का घडले नाही, हे समजून घेण्यासाठी त्यांचे चरित्र पाहणे अगत्याचे आहे.

औंधचा वारसा

बुवांचा जन्म मुंबईत गिरगावात झाला. त्यांचे वडील पं. अनंत मनोहर जोशी तथा अंतुबुवा (१८८१–१९६७) हे ग्वाल्हेर घराण्याचे नामवंत गायक होते. महाराष्ट्रात ख्यालगायकी रुजवणारे पं. बाळकृष्णबुवा इचलकरंजीकर (१८४९–१९२६) यांचे ते शिष्य. पं. विष्णू दिगंबर पलुसकर आणि मिराशीबुवा हेही बाळकृष्णबुवांचेच शिष्य होत. या नात्याने गजाननबुवा ग्वाल्हेरच्या अगदी मुख्य प्रवाहात जन्मले, असे म्हणता येईल.

अंतुबुवा सातारा जिल्ह्यातील औंध संस्थानात दरबारी गायक होते. तेथील अधिपती भवानराव तथा बाळासाहेब पंतप्रतिनिधी हे स्वतः चित्रकार होते. सूर्यनमस्काराचे प्रचारक म्हणूनही त्यांची ख्याती होती. आकाराने लहान असलेल्या या संस्थानात कलेला मोठा मान होता. अंतुबुवांनी आपले आध्यात्मिक गुरू शिवानंद स्वामी यांच्या स्मरणार्थ औंध येथे संगीत महोत्सवाची प्रथा सुरू केली. पुढे ती गजाननबुवांनी चालवली आणि त्यांच्या पश्चातही ती सुरू राहिली.

घरातच गाणे असल्यामुळे बुवांची तालीम लहानपणीच सुरू झाली. ख्याल, तराणा, टप्पा हे ग्वाल्हेरचे सारे प्रकार त्यांनी वडिलांकडून घेतले. गाण्याबरोबर तालाचेही शिक्षण झाले. लयीवरील त्यांच्या प्रभुत्वाची जी वाखाणणी पुढे झाली, तिचा पाया याच काळात घातला गेला. वडिलांना १९५५ मध्ये आणि मुलाला १९७२ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. पिता आणि पुत्र या दोघांनाही हा सन्मान लाभलेली घरे थोडीच आहेत.

तीन घराणी, एक गायक

घरची विद्या एवढी समृद्ध असताना बुवा अन्य गुरूंकडे गेले, हे त्यांच्या चरित्रातील सर्वांत लक्षणीय पाऊल मानावे लागेल. जयपूर-अत्रौली घराण्यासाठी त्यांनी अल्लादिया खाँ यांचे पुत्र उस्ताद भूर्जी खाँ यांच्याकडे शिक्षण घेतले. आग्रा घराण्याची तालीम त्यांना उस्ताद विलायत हुसेन खाँ (१८९५–१९६२) यांच्याकडून मिळाली. पं. रामकृष्णबुवा वझे यांचेही मार्गदर्शन त्यांना लाभले.

या निर्णयाचे महत्त्व कळण्यासाठी तो काळ ध्यानात घ्यावा लागतो. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात घराणे ही केवळ गाण्याची शैली नव्हती. ती कुटुंबाची मालमत्ता होती. गंडाबंधन झाल्याशिवाय तालीम मिळत नसे आणि खास बंदिशी, अनवट राग बाहेरच्याला सहसा दिले जात नसत. एका घराण्याच्या गायकाने दुसऱ्या घराण्याचे गाणे उघडपणे शिकणे अनेकांना रुचत नसे. अशा वातावरणात ग्वाल्हेरच्या प्रतिष्ठित घरातील, नाव मिळवू लागलेल्या गायकाने पुन्हा शिष्य होऊन गुरूसमोर बसणे ही सोपी गोष्ट नव्हती.

तिन्ही घराण्यांच्या वाटा वेगळ्या आहेत. ग्वाल्हेरमध्ये बंदिश हा गाण्याचा कणा असतो. रागाचे रूप बंदिशीतून मोकळेपणाने उलगडते आणि सरळ, सपाट तानेला तेथे मान असतो. आग्रा घराण्यात नोम्-तोम्‌ची आलापी, बोलांशी लयीचा खेळ आणि समेवर येण्याची ऐट यांना महत्त्व आहे. जयपूरचे गायक अनवट आणि जोडरागांसाठी ओळखले जातात. आकारातील आलाप आणि वळणावळणाने गुंफलेली तान ही त्यांची खूण. या तिन्हींची सरमिसळ करून एखादी नवी शैली बनवणे त्या मानाने सोपे आहे. बुवांनी ते केले नाही. ज्या घराण्याची बंदिश गायची, ती त्या घराण्याच्या रीतीने गायची, हा त्यांचा बाणा होता. त्यासाठी लागणारी स्मरणशक्ती आणि संयम त्यांच्याकडे होता.

व्हायोलिनची गायकी

व्हायोलिन हे युरोपीय वाद्य. दक्षिणेत मुत्तुस्वामी दीक्षितर यांचे बंधू बालुस्वामी दीक्षितर (१७८६–१८५८) यांनी ते कर्नाटक संगीतात आणले, असे मानले जाते. तेथे ते साथीचे प्रमुख वाद्य बनले. उत्तर हिंदुस्थानी संगीतात मात्र त्याला स्वतंत्र वादनाचे वाद्य म्हणून स्थान मिळायला विसावे शतक उजाडावे लागले. महाराष्ट्रात हे काम ज्या पहिल्या पिढीने केले, तिच्यात गजाननबुवा होते. हे वाद्य त्यांनी बव्हंशी स्वतःच्या प्रयत्नाने आत्मसात केले.

या वाद्याची बलस्थाने गायकाला चटकन जाणवतात. सतारीप्रमाणे व्हायोलिनला पडदे नसतात, त्यामुळे बोट तारेवरून सरकत एका स्वरातून दुसऱ्या स्वरात जाऊ शकते. मींड, गमक आणि श्रुतींचे सूक्ष्म फरक त्यावर दाखवता येतात. पेटीचे स्वर पट्ट्यांत बांधलेले असल्याने तेथे ही सोय नाही. याच कारणाने आकाशवाणीने १९४० मध्ये पेटीवर बंदी घातली होती आणि ती तीन दशके टिकली. पाश्चात्त्य वादक व्हायोलिन खांदा आणि हनुवटी यांच्यामध्ये धरतो. आपल्याकडे वादक मांडी घालून बसतो आणि वाद्याचे टोक पायावर टेकवतो. त्यामुळे डावा हात वाद्याचा भार पेलण्यातून मोकळा होतो आणि लांब मींड सहज घेता येते. तारा षड्ज-पंचमाच्या नात्याने मिळवल्या जातात.

पण सोय असणे आणि गायकी उतरणे यांत अंतर आहे. गायकाला शब्दांचा आधार असतो. वादकाकडे शब्द नसतात. बंदिशीचा मुखडा कोठे उचलायचा, कोणत्या अक्षरावर वजन द्यायचे, श्वास कोठे घ्यायचा, हे गायकाच्या अंगात मुरलेले असते. वादकाला तेच गजाच्या फिरण्यातून सांगावे लागते. गज एका दिशेने किती वेळ चालवायचा आणि कोठे उलटवायचा, हाच त्याचा श्वास. केवळ बोटांची तयारी असलेला वादक वेगवान ताना घेऊ शकतो, पण ज्याला बंदिश गाता येते त्याच्या वाद्यातच ती ऐकू येते. बुवा गाणारे असल्याने त्यांच्या व्हायोलिनमध्ये ग्वाल्हेरचा ख्याल आणि टप्पा त्यांच्या मूळ घाटासह येत असे.

त्यांच्यानंतरच्या काळात व्हायोलिनला महाराष्ट्रात थोर वादक लाभले. १९२२ मध्ये जन्मलेले पं. व्ही. जी. जोग यांनी देशभर या वाद्याचा प्रसार केला. पं. डी. के. दातार (१९३२–२०१८) यांनी गायकी अंगाची परंपरा पुढे नेली. गोव्याचे श्रीधर पार्सेकर यांचे नाव बुवांच्या शिष्यांत घेतले जाते. बुवांचे चिरंजीव मधुकर जोशी यांनीही गायन आणि व्हायोलिनवादन ही दोन्ही अंगे सांभाळली.

नोकरी, मैफल आणि तालीम

संस्थाने विलीन झाल्यावर गवयांचा राजाश्रय संपला. दरबाराच्या जागी रेडिओ, संगीत मंडळे आणि शिकवण्या आल्या. ज्या कलावंतांना या बदलाशी जुळवून घेता आले नाही, त्यांची परवड झाली. बुवांनी आकाशवाणीच्या सेवेत काम केले, मैफली केल्या आणि सातत्याने शिकवले. उत्तरायुष्यात त्यांचे वास्तव्य डोंबिवलीत होते.

गुरू म्हणून ते कडक शिस्तीचे होते. बंदिश पक्की होईपर्यंत पुढे जायचे नाही, लयीत तडजोड करायची नाही, असा त्यांचा दंडक होता. मात्र विद्या देताना त्यांनी हात आखडता घेतला नाही. जी विद्या मिळवण्यासाठी त्यांना तीन दारे ठोठवावी लागली, ती त्यांनी एका दारातून दिली. स्वतःच्या मुलांइतकेच त्यांनी बाहेरून आलेल्या शिष्यांना घडवले. पद्मा तळवलकर, वीणा सहस्रबुद्धे (१९४८–२०१६), जयश्री पाटणेकर, शुभदा पराडकर, अरुण कशाळकर आणि उल्हास कशाळकर ही त्यांच्या शिष्यवर्गातील काही ठळक नावे. यांपैकी अनेकांनी अन्य गुरूंकडेही शिक्षण घेतले होते. बुवांनी त्याला आडकाठी केली नाही. ते स्वतः याच वाटेने आले होते. अपूर्वा गोखले आणि पल्लवी जोशी या त्यांच्या नातीही घरची गायकी पुढे नेत आहेत.

पांढरकवड्याचा धागा

उल्हास कशाळकर यांचा जन्म १४ जानेवारी १९५५ रोजी झाला. त्यांचे वडील एन. डी. कशाळकर हे व्यवसायाने वकील आणि संगीताचे जाणकार होते. पहिले धडे त्यांच्याकडूनच मिळाले. पुढे नागपूर विद्यापीठात संगीताचे पदव्युत्तर शिक्षण घेताना राजाभाऊ कोगजे आणि प्रभाकरराव खर्डेनवीस यांचे मार्गदर्शन लाभले. त्यानंतर पं. राम मराठे आणि पं. गजाननबुवा जोशी या दोन गुरूंनी त्यांना घडवले. १९८३ ते १९९० या काळात ते मुंबई आकाशवाणीवर होते. १९९३ पासून कोलकात्याच्या आयटीसी संगीत रिसर्च अकादमीत गुरू म्हणून त्यांनी दीर्घकाळ शिष्य तयार केले. २०१० मध्ये त्यांना पद्मश्री सन्मान मिळाला.

वऱ्हाडातील मुलाला शास्त्रीय संगीताची वरची तालीम हवी असेल तर नागपूर आणि मग पुणे-मुंबई गाठावी लागते. ही अडचण आजही सर्वस्वी संपलेली नाही. गावोगावच्या वर्गांतून परीक्षा देता येतात, रागांची ओळख होते, पण गुरूसमोर वर्षानुवर्षे बसून मिळणारी तालीम त्यातून मिळत नाही. जोशी घराण्याशी रक्ताचे नाते नसलेल्या, औंध-सांगली-कोल्हापूरच्या संगीतपट्ट्यापासून दूर वाढलेल्या तरुणाला बुवांनी आपल्या संग्रहातील दुर्मीळ बंदिशी दिल्या. तो तरुण त्या घेऊन कोलकात्याला गेला आणि तेथे त्या बंगाली, मराठी शिष्यांच्या गळ्यात गेल्या. औंधच्या दरबारातील गाण्याचा हा प्रवास पांढरकवड्याच्या वाटेने झाला, ही वऱ्हाडसाठी अभिमानाची बाब आहे.

बुवांच्या निधनाला आता तीन दशकांहून अधिक काळ लोटला आहे. त्यांच्या गायनाची व वादनाची ध्वनिमुद्रणे त्यांच्या कर्तृत्वाच्या मानाने कमी ऐकली जातात. नव्या अभ्यासकाने त्यांच्या गळ्यातील आणि गजातील एकच राग शेजारी ठेवून ऐकावा. बंदिश म्हणजे काय, हे पुस्तकातून समजण्यापेक्षा त्यातून अधिक लवकर समजेल.

जीवनपट

जन्म : ३० जानेवारी १९११, गिरगाव, मुंबई.
वडील व आद्य गुरू : पं. अनंत मनोहर जोशी (ग्वाल्हेर).
अन्य गुरू : उस्ताद भूर्जी खाँ (जयपूर), उस्ताद विलायत हुसेन खाँ (आग्रा), पं. रामकृष्णबुवा वझे.
कार्य : गायन, व्हायोलिनवादन, अध्यापन, आकाशवाणीची सेवा.
सन्मान : संगीत नाटक अकादमी पुरस्कार, १९७२.
निधन : २८ जून १९८७.