पिपचं कोडं

आज आधी एक कोडं. 'अ'ला 'क'ची 1 नंबरची आवृत्तीच हवी, 'ब'ला 2 नंबरचीच. एका ठिकाणी 'क' एकच राहू शकतो. मग अ आणि ब दोन्ही कसे बसवाल?

बीटेकच्या प्रोजेक्टच्या आदल्या रात्री मी यातच अडकलो होतो. पायथॉनचं पिप म्हणालं, इन्स्टॉल झालं. प्रोग्रॅम मात्र चालेना! वाटलं, आपल्यालाच काही येत नाही.

खरी गोष्ट वेगळी होती. जुनं पिप आधी दिसलेली अट धरायचं; दुसरी मोडली तरी फार तर इशारा देऊन पुढे जायचं. नोव्हेंबर 2020 मध्ये पिप 20.3 आलं. ते मागे जाऊन जुन्या आवृत्त्याही तपासतं आणि जमलंच नाही तर सरळ थांबतं: 'रिझोल्यूशन इम्पॉसिबल'.

अशी अटींची कोडी किती अवघड असतात, हे स्टीफन कुक यांनी 1971 मध्येच दाखवलं होतं. ती हमखास झटपट सोडवणारी रीत आजही कुणाला सापडलेली नाही.

आपल्या कोड्याचं उत्तर? या अटींवर दोघं एकत्र बसतच नाहीत. एकाची दुसरी आवृत्ती शोधा, नाहीतर दोघांना वेगवेगळं 'व्हेन्व्ह' द्या.

आता लाल अक्षरं दिसली की मी घाबरत नाही. निदान मशीन खरं तरी बोलतंय!