शेवट ठाऊक नसलेली कादंबरी

युद्धावरच्या कादंबऱ्या बहुधा निकाल लागल्यावर लिहिल्या जातात. इरेन नेमिरोव्स्कीला निकाल ठाऊक नव्हता. 'स्वीत फ्रान्सेज' तिनं १९४१-४२ मध्ये जर्मनांच्या ताब्यातल्या फ्रान्समध्ये लिहिली, एका खेड्यात, बारीक अक्षरात. त्यातल्या ल्युसीलचा नवरा जर्मनांच्या कैदेत आणि घरात मुक्कामाला जर्मन अधिकारी! जीव त्याच्यावर जडतो, तरी जर्मनाला मारून पळालेल्या शेतकऱ्याला ती त्याच घरात लपवते.

मला नवल वाटतं ते वेगळंच. लेखिका ज्यू, तरी त्या अधिकाऱ्याचा तिनं राक्षस केला नाही. १३ जुलै १९४२ ला तिला फ्रेंच पोलिसांनीच पकडलं. १७ ऑगस्टला ऑशविट्झमध्ये ती गेली. मुलींनी सुटकेसमध्ये जपलेली वही २००४ मध्ये छापली गेली. पाचांपैकी दोनच भाग. आम्हा इंजिनियरांना अर्धवट काम खपत नाही. हे मात्र मला पुरं वाटलं.