सावेदादांची कुस्ती

आमची वडीगोद्री अंबड तालुक्यातली. 1948 पर्यंत निजामाच्या राज्यात, 1956 साली मुंबई राज्यात, 1960 साली महाराष्ट्रात आणि 1981 पासून जालना जिल्ह्यात. कागदोपत्री आम्ही कोण, याचे उत्तर असे दर थोड्या वर्षांनी बदलत गेले. पण जत्रेच्या फडात हलगी कडाडली आणि पैलवानाने मांडीवर थाप मारली की आम्ही कोण हे कोणाला विचारावे लागत नाही! म्हणूनच, भारतीय माणसाने घेतलेल्या अगदी पहिल्या चित्रफितींपैकी एक कुस्तीची होती हे वाचून मी हरखून गेलो.

ती घेतली हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी. मुंबईकर त्यांना सावेदादा म्हणत. व्यवसाय छायाचित्रणाचा. 7 जुलै 1896 रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंच्या हलत्या चित्रांचा खेळ झाला. दर माणशी एक रुपया! पडद्यावर काय दिसले? स्टेशनात शिरणारी आगगाडी, समुद्रस्नान, कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार. सारे विलायती. सावेदादांनी त्यावर नुसते टाळ्या वाजवून समाधान मानले नाही. एकवीस गिनी मोजून त्यांनी लंडनहून कॅमेरा मागवला.

आता, वाचकहो, नवे यंत्र हाती आल्यावर आपण काय टिपले असते? बहुधा लाटसाहेबांची स्वारी. सावेदादांनी 1899 साली हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी यांची कुस्ती टिपली. फिल्म धुण्यासाठी विलायतेला पाठवावी लागली. मातीतल्या डावपेचांनी बोटीचा प्रवास केला आणि परत येऊन ते आपल्याच लोकांच्या डोळ्यांपुढे उलगडले! दुसरी फीत त्यांनी माकडाला खेळ शिकवणाऱ्या मदाऱ्याची घेतली. पहिलवान आणि मदारी, ही निवड मला फार मोलाची वाटते. इतिहास लिहिणाऱ्यांच्या लेखणीला ही माणसे तेव्हा दिसतच नव्हती.

पुढे 1901 च्या डिसेंबरात कोकणातल्या मुर्डीचे रघुनाथराव परांजपे केंब्रिजचे सीनिअर रँग्लर होऊन परतले. त्यांचे मुंबईतले स्वागत सावेदादांनी टिपले. आपल्याकडचा पहिला वार्तापट म्हणून त्याचा उल्लेख होतो. परक्याच्या परीक्षेत पहिला आलेला आपला मुलगा पाहायला जमलेली ती गर्दी! तिथल्या पागोट्यांत आणि टोप्यांत त्या काळचा महाराष्ट्र एकवटला असेल. 1903 चा दिल्ली दरबारही त्यांनी चित्रित केला. म्हणजे लाटसाहेबांची पाळी आलीच, पण पहिलवानांच्या नंतर. दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' यायला अजून दहा वर्षे अवकाश होता.

पुढे सावेदादांनी कॅमेरा विकला आणि ते गेटी नाट्यगृहाचा कारभार पाहू लागले. 1958 साली, नव्वदीच्या उंबरठ्यावर, ते वारले. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघाले 1964 साली. कुस्ती, मदारी, परांजपे यांपैकी एकही फीत आज पाहायला मिळत नाही.