तळटीप : दिलीप प्रभावळकर

दिलीप प्रभावळकर (जन्म १९४४) : मराठी रंगभूमी, चित्रपट आणि दूरचित्रवाणी या तिन्ही माध्यमांतील अभिनेते व लेखक. चि. वि. जोशी यांच्या विनोदी कथांवर बेतलेल्या मुंबई दूरदर्शनच्या मालिकेतील चिमणरावाच्या, म्हणजे भित्र्या व भाबड्या मध्यमवर्गीय गृहस्थाच्या, भूमिकेमुळे ते १९७०च्या दशकाच्या अखेरीस घरोघरी पोचले. त्या काळी दुसरी वाहिनीच नसल्याने गाजलेली भूमिका नटाला कायमची चिकटण्याचा धोका मोठा होता, आणि प्रभावळकरांच्या पुढील वाटचालीचे मर्म या धोक्यावर त्यांनी मात केली यातच आहे. स्वतः लिहिलेल्या ‘हसवा फसवी’ या नाटकात त्यांनी सहा भूमिका वठवल्या. ‘चौकट राजा’ (१९९१) मधील बौद्धिक वाढ खुंटलेला नंदू आणि ‘झपाटलेला’ (१९९३) मधील, मरताना आपला आत्मा बाहुल्यात घालणारा गुंड तात्या विंचू, ही दोन टोकांची माणसे एकाच नटाने अवघ्या दोन वर्षांच्या अंतराने उभी केली, हे त्यांच्या आवाक्याचे सर्वांत ठळक उदाहरण होय. त्यांच्याच ‘अनुदिनी’ या रोजनिशीच्या स्वरूपातील लेखनावरून ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ ही मालिका झाली व तीत आजोबांची भूमिका त्यांनीच केली. ‘लगे रहो मुन्नाभाई’ (२००६) या हिंदी चित्रपटातील गांधीजी आणि मराठी ‘शेवरी’ यांसाठी त्यांना सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्यांना केवळ विनोदी नट म्हणणे अपुरे आहे. वयाची ऐंशी वर्षे उलटल्यावर ‘दशावतार’ (२०२५) या चित्रपटात त्यांनी मध्यवर्ती भूमिका केली.