पाटील, प्रतिभा देवीसिंह

पाटील, प्रतिभा देवीसिंह : (जन्म १९ डिसेंबर १९३४). भारताच्या बाराव्या राष्ट्रपती (२५ जुलै २००७ ते २५ जुलै २०१२). या पदावर आलेल्या पहिल्या महिला आणि आजवरच्या एकमेव मराठी व्यक्ती. जन्म जळगाव जिल्ह्यातील नाडगाव येथे (आताचा बोदवड तालुका). वडिलांचे नाव नारायणराव. पती देवीसिंह शेखावत हे अमरावतीचे. विवाह ७ जुलै १९६५.

माहेर खानदेशात, सासर वऱ्हाडात, आणि मधे बुलढाणा जिल्हा, असा या आयुष्याचा नकाशा आहे. बोदवड सोडून नागपूरच्या बाजूला निघालेली गाडी मलकापूर, नांदुरा, शेगाव करत अकोला-बडनेऱ्याला पोचते. प्रतिभाताईंचे विधानसभेचे राजकारण या मार्गाच्या पश्चिम टोकाला झाले आणि लोकसभेचे पूर्व टोकाला. बुलढाणा जिल्ह्यातून त्या कधी निवडणुकीला उभ्या राहिल्या नाहीत. तरी मलकापूर, जळगाव जामोद, संग्रामपूर या पट्ट्याला एदलाबादचे राजकारण परके नव्हते. एदलाबाद हा त्यांचा मतदारसंघ, म्हणजे आजचे मुक्ताईनगर. तिथून पंढरपूरला निघणारी मुक्ताईची पालखी बुलढाणा जिल्ह्यातूनच जाते. २००८च्या फेररचनेनंतर तर मुक्ताईनगर आणि मलकापूर हे दोन्ही विधानसभा मतदारसंघ एकाच रावेर लोकसभा मतदारसंघात आले.

शिक्षण जळगावच्या आर. आर. विद्यालयात आणि मूळजी जेठा महाविद्यालयात झाले. राज्यशास्त्र व अर्थशास्त्र घेऊन त्या एम. ए. झाल्या. कायद्याची पदवी मुंबईच्या शासकीय विधी महाविद्यालयातून घेतली. महाविद्यालयात असताना टेबल टेनिसमध्ये बक्षिसे मिळवणारी ही मुलगी पुढे जळगावच्या न्यायालयात वकिली करू लागली. १९६२मध्ये, वयाच्या सत्ताविसाव्या वर्षी, काँग्रेसच्या उमेदवारीवर त्या जळगावमधून विधानसभेवर निवडून आल्या. राज्याची स्थापना होऊन तेव्हा दोनच वर्षे झाली होती.

त्यानंतर १९६७, १९७२, १९७८ आणि १९८० अशा लागोपाठ चार निवडणुका त्यांनी एदलाबादमधून जिंकल्या. १९७८ हे साल मुद्दाम लक्षात घ्यावे. आणीबाणीनंतर काँग्रेस फुटलेली, भले भले घरी बसलेले, अशा वेळी त्यांनी आपली जागा राखली. राष्ट्रपती म्हणून त्यांच्यावर लिहिणाऱ्यांनी ‘राजकारणात फारशा परिचित नसलेल्या’ असा सूर लावला होता. त्यांनी ही तेवीस वर्षे वाचलेली दिसत नाहीत. वसंतराव नाईक यांच्या मंत्रिमंडळात १९६७मध्ये त्या उपमंत्री झाल्या. सार्वजनिक आरोग्य, दारूबंदी, पर्यटन, गृहनिर्माण अशी खाती त्यांच्याकडे होती. १९७२मध्ये कॅबिनेट दर्जा आणि समाजकल्याण खाते मिळाले. पुढे आरोग्य, पुनर्वसन, सांस्कृतिक कार्य, शिक्षण, नगरविकास, नागरी पुरवठा ही खातीही त्यांच्याकडे येत-जात राहिली. गृह आणि अर्थ मात्र कधीच आले नाही. त्या काळी मंत्रिमंडळातल्या बाईच्या वाट्याला कोणती खाती यायची, याचा हा चांगला नमुना आहे.

जुलै १९७८मध्ये शरद पवारांनी मुख्यमंत्री वसंतदादा पाटील यांचे सरकार पाडून पुरोगामी लोकशाही दलाचे सरकार आणले. प्रतिभाताई इंदिरा गांधींच्या बाजूने राहिल्या, आणि जुलै १९७९ ते फेब्रुवारी १९८० या काळात विधानसभेत विरोधी पक्षनेत्या होत्या. निष्ठेचे फळ मात्र लगेच हाती पडले नाही. १९८०मध्ये पक्ष सत्तेत परतला, पण मंत्रिपद त्यांना १९८२मध्ये मिळाले.

१९८५मध्ये त्या राज्यसभेवर गेल्या. नोव्हेंबर १९८६ ते नोव्हेंबर १९८८ या काळात त्या सभागृहाच्या उपसभापती होत्या. आर. वेंकटरामन उपराष्ट्रपतिपदावरून राष्ट्रपतिपदावर गेल्यावर, शंकर दयाळ शर्मा येईपर्यंत, १९८७च्या जुलै-सप्टेंबरमध्ये सभापतीचे कामही त्यांनीच पाहिले. १९८८ ते १९९० प्रदेश काँग्रेसचे अध्यक्षपद आणि १९९१मध्ये अमरावतीची खासदारकी. १९९६ची निवडणूक त्यांनी लढवली नाही, आणि पुढची आठ वर्षे सार्वजनिक जीवनात त्यांचे नाव क्वचितच ऐकू आले. नोव्हेंबर २००४मध्ये त्यांना राजस्थानच्या राज्यपाल नेमण्यात आले; त्या राज्याच्या त्या पहिल्या महिला राज्यपाल. तिथे त्यांनी भाजप सरकारचे धर्मांतरविरोधी विधेयक सही न करता परत पाठवले. अमेरिकेत राज्याचा गव्हर्नर हा लोकांनी निवडलेला कारभारी असतो; कार्टर, रेगन, क्लिंटन, धाकटे बुश हे त्याच पायरीवरून व्हाइट हाउसमध्ये गेले. आपल्याकडे राजभवन ही बहुधा निवृत्तीची सोय. प्रतिभाताई तिथून वर चढल्या हा अपवाद.

२००७मध्ये संयुक्त पुरोगामी आघाडीत आधी शिवराज पाटील यांचे नाव पुढे होते. डाव्या पक्षांनी ते अडवले आणि १४ जूनला प्रतिभाताईंचे नाव जाहीर झाले. समोर होते भाजपच्या पाठिंब्यावर उभे राहिलेले उपराष्ट्रपती भैरोसिंह शेखावत. गंमत अशी की ते राजस्थानातल्या सीकर भागातले, आणि देवीसिंहांच्या घराण्याचे मूळ गावही त्याच भागातले. शिवसेना भाजपची साथीदार असूनही बाळासाहेब ठाकरे यांनी मराठी उमेदवाराला पाठिंबा दिला. प्रचारात बरेच उणेदुणे निघाले. जळगावात त्यांच्या पुढाकाराने निघालेल्या महिला सहकारी बँकेचा परवाना रिझर्व्ह बँकेने २००३मध्ये रद्द केला होता. ते प्रकरण विरोधकांनी लावून धरले. मोगलांच्या आक्रमणामुळे पडदा पद्धत आली, हे त्यांचे विधानही वादात सापडले. १९ जुलैला मतदान झाले, २१ जुलैला मोजणी. प्रतिभाताईंना ६,३८,११६ तर शेखावतांना ३,३१,३०६ मतमूल्य मिळाले.

हे मतमूल्य समजून घेण्यासारखे आहे. राष्ट्रपतीला आमदार-खासदार निवडतात, आणि आमदाराच्या मताचे मूल्य असे काढतात: राज्याची १९७१च्या जनगणनेतली लोकसंख्या भागिले आमदारांची संख्या, त्याला पुन्हा हजाराने भागायचे. महाराष्ट्रात उत्तर येते १७५. म्हणजे संग्रामपूर ज्यात येते त्या जळगाव जामोद मतदारसंघाच्या आमदाराने मुंबईत टाकलेले एक मत १७५ धरले जाते. उत्तर प्रदेशच्या आमदाराचे मत २०८ ठरते. अमेरिकेतही अध्यक्षाची निवड थेट होत नाही, ती ५३८ निर्वाचक करतात. पण तिथे प्रत्येक निर्वाचकाचे मत एकच असते, आणि तो कोणाला मत देणार हे लोकांनी नोव्हेंबरमध्येच ठरवलेले असते. आपल्या राष्ट्रपतीला गावोगाव सभा घ्याव्या लागत नाहीत. पाच विधानसभा जिंकलेल्या बाईला आयुष्यातल्या सर्वांत मोठ्या निवडणुकीत एकाही सामान्य मतदाराची गरज पडली नाही.

राष्ट्रपती म्हणून त्यांनी वाद ओढवून घेणारे घटनात्मक निर्णय घेतले नाहीत. तशी वेळही आली नाही. २००९च्या निवडणुकीत मनमोहन सिंग यांच्याकडे संख्याबळ स्पष्ट होते. २५ नोव्हेंबर २००९ रोजी पुण्याच्या लोहगाव तळावरून त्यांनी सुखोई-३० विमानातून भरारी घेतली. साडीऐवजी वैमानिकाचा जी-सूट, हातात शिरस्त्राण, वय चौऱ्याहत्तर. त्यांचे हेच छायाचित्र लोकांच्या डोळ्यांपुढे राहिले. याच तळावरून २००६मध्ये अब्दुल कलाम असेच उडाले होते. ८ नोव्हेंबर २०१०ला बराक ओबामा राष्ट्रपती भवनात जेवायला आले. दोघांचीही सुरुवात राज्याच्या विधिमंडळातून झालेली. ओबामांची इलिनॉयमध्ये जेमतेम आठ वर्षे. फरक अधिकाराचा होता. ओबामा निर्णय घेणारे होते, तर यजमानीणबाई अनुच्छेद ७४ प्रमाणे मंत्रिमंडळाच्या सल्ल्याने चालणाऱ्या.

दयेच्या अर्जांवरून मात्र त्यांच्यावर खरी टीका झाली. तीसहून अधिक जणांची फाशी त्यांच्या सहीने जन्मठेपेत बदलली. त्यांत निर्घृण गुन्ह्यांतले कैदी होते, आणि एक जण तर सही होण्याच्या काही वर्षे आधीच तुरुंगात मरण पावला होता. दुसरीकडे, राजीव गांधी यांच्या मारेकऱ्यांचे अर्ज त्यांनी २०११मध्ये फेटाळले. हे निर्णय गृहमंत्रालयाच्या शिफारशीवर होतात, त्यामुळे सगळे खापर त्यांच्या माथी फोडणे बरोबर नाही. मेलेल्या माणसाची फाशी माफ होते, याचा दोष राष्ट्रपती भवनापेक्षा फायली हलवणाऱ्या यंत्रणेवर अधिक जातो. परदेश दौऱ्यांवर झालेला दोनशे कोटींहून अधिक खर्च, निवृत्तीनंतरच्या घरासाठी पुण्यात खडकीला घेतलेली संरक्षण खात्याची जमीन, यांवरूनही बोलले गेले. ती जमीन त्यांनी एप्रिल २०१२मध्ये सोडून दिली.

अमेरिकेत माजी अध्यक्षाच्या मागे त्याचे ग्रंथालय उभे राहते. फ्रँकलिन रूझवेल्टपासून ही पद्धत पडली, १९५५मध्ये तिला कायद्याचे रूप आले, आणि अध्यक्षाला मिळालेल्या भेटवस्तू, कागदपत्रे तिथे देशाच्या मालकीची म्हणून जपली जातात. आपल्याकडे अशी सोय नाही. प्रतिभाताईंना राष्ट्रपती म्हणून मिळालेल्या सुमारे दीडशे भेटवस्तू करार करून अमरावतीत, शेखावत कुटुंबाशी निगडित शिक्षणसंस्थेच्या संग्रहालयात ठेवण्यात आल्या होत्या. माहितीच्या अधिकारात त्याची विचारणा झाली, बातम्या आल्या, आणि राष्ट्रपती भवनाने त्या परत मागवल्या.

निवृत्तीनंतर वास्तव्य पुण्यात. अमरावतीचे माजी महापौर व आमदार देवीसिंह शेखावत यांचे २४ फेब्रुवारी २०२३ रोजी पुण्यात निधन झाले. या दांपत्याला एक मुलगा व एक मुलगी. मुलगा राजेंद्र ऊर्फ रावसाहेब हे २००९ ते २०१४ या काळात अमरावतीचे आमदार होते.