फरहबाग : तळ्यातला महाल आणि आपला वारसा

आमच्या बीड जिल्ह्यातल्या मुलांना ‘पाण्यातला महाल’ म्हटले की राजस्थान आठवतो. उदयपूरच्या तळ्यातील महाल त्यांनी चित्रात पाहिलेला असतो. पण आष्टी तालुक्याची हद्द ओलांडली की नगर जिल्हा लागतो आणि नगर शहराबाहेर, भिंगारच्या बाजूला, असाच एक महाल सव्वाचारशेहून अधिक वर्षे उभा आहे, हे त्यांना कोणी सांगितलेले नसते. लोक त्याला फऱ्याबाग म्हणतात. मूळ नाव फरहबख्श, म्हणजे आनंद देणारा. नाव बिघडले तसा आनंदही विसरला गेला.

अहमद निजामशहाने १४९० च्या सुमारास आपली स्वतंत्र सत्ता उभारली आणि पुढे अहमदनगर वसवले. २०२४ मध्ये या शहराचे नाव अहिल्यानगर झाले. शहरापासून दूर बाग लावायची, मधोमध हौद किंवा तळे करायचे आणि त्यात अष्टकोनी महाल बांधायचा, ही इराणी रीत निजामशाहीने दख्खनच्या कोरड्या माळावर आणली. हश्त बिहिश्त बाग हा त्याचा पहिला नमुना. फरहबाग हा त्यानंतरचा आणि मोठा. मुर्तजा निजामशहाच्या काळात चंगीझखान, न्यामतखान आणि सलाबतखान अशा तिघांची नावे या बांधकामाशी जोडली जातात. काम सलाबतखानाने १५८३ च्या सुमारास पुरे केले. चौफेर पाणी, मध्ये चौथरा, त्यावर दुमजली अष्टकोनी इमारत आणि आत घुमटाचे उंच दालन. उन्हाळ्यात कमानींमधून येणारा वारा पाण्यावरून येत असे. वास्तू थंड ठेवण्याची युक्ती तीच.

पण महाल बांधणाऱ्याला सुख मिळतेच असे नाही. मुर्तजा राज्यकारभारातून मन काढून एकांतात राहू लागला. लोक त्याला ‘दीवाना’ म्हणू लागले. १५८८ मध्ये त्याच्याच मुलाने, मीरान हुसेनने, त्याचा जीव घेतला. हा काळ जवळून पाहणारा फरिश्ता पुढे विजापूरला गेला व त्याने दख्खनचा इतिहास फारसीत लिहिला. मलिक कुमी आणि जुहुरी हे शायरही नगरच्या दरबारातून विजापूरला गेले. १६०० मध्ये मोगलांनी नगरचा किल्ला घेतला. दरबार उठला, माणसे पांगली, बाग सुकली.

आता फरहबाग केंद्रीय पुरातत्त्व खात्याच्या संरक्षणाखाली आहे. कायद्याने अशा वास्तूपासून १०० मीटरपर्यंत नवे बांधकाम करता येत नाही. हे चांगलेच आहे. परंतु भिंती वाचल्या म्हणजे फरहबाग वाचली काय? तळे बहुतेक काळ कोरडे असते. पाण्यातला महाल पाण्यावाचून उभा राहिला तर तो माळावरची एक मोठी इमारत ठरतो. चुन्याच्या जागी सिमेंट लावून डागडुजी केली तर ओल आत कोंडते आणि जुना दगड-चुना उलट लवकर खचतो. म्हणून चुनाच हवा, आणि त्याआधी पाण्याची वाट शोधायला हवी. निजामशाहीत कापूरवाडी, वडगाव अशा गावांकडून खापरी नळांनी जमिनीखालून नगरला पाणी येई. ते नळ हाच या वास्तूंचा जीव होता.

इथे आमच्या बीडचा संबंध येतो. बीडजवळची खजाना विहीर याच मुर्तजाच्या काळात सलाबतखानाने बांधवली, असे सांगितले जाते. विहिरीतले पाणी भुयारातून उताराने मळ्यांपर्यंत जाते. मोट लागत नाही. एकाच राजवटीने एकीकडे पाणी बादशहाच्या आनंदासाठी साठवले, दुसरीकडे रयतेच्या शेतासाठी वाहते केले. महालाचे पाणी गेले. विहिरीचे पाणी पिढ्यान्‌पिढ्या शेतात पोहोचले, कारण तिच्यावर पोट असणारी माणसे तिच्याजवळ होती. वास्तू कशाने टिकते, याचे उत्तर आम्हांला यात दिसते.

वाचकहो, ताजमहालाची कल्पना शाहजहानला फरहबागेवरून सुचली, असे अनेकजण अभिमानाने सांगतात. त्याला पुरावा नाही. आम्ही शिक्षकांनी तरी हे मुलांना सांगू नये. खरे आहे तेवढेच पुरेसे मोठे आहे. इथे इराणी आखणी होती, दख्खनचा दगड होता, इथल्याच गवंड्यांचे आणि बेलदारांचे हात होते. हा वारसा एकट्या मुसलमानांचा नाही, आणि मुसलमानांना वगळूनही तो सांगता येत नाही.

शाळांच्या सहली नगरला जातात, किल्ला पाहतात आणि परत येतात. त्यांनी फरहबागेत तासभर थांबावे. मुलांनी मोजपट्टीने कोन मोजावेत, पाणी कुठून येत असेल ते विचारावे. ज्या वास्तूविषयी मुले प्रश्न विचारतात, ती दुर्लक्षित ठेवणे मोठ्यांना जड जाते.